कुरकुरीत भजी घरी करायचीत? आधी पाणी सांभाळा

भजी मऊ पडतात, तेल पितात, गाडीवरच्यासारखी कुरकुरीत काही केल्या होत नाहीत, ही नव्याने स्वयंपाकाला लागलेल्यांची नेहमीची तक्रार, आणि त्यावर बहुतेक वेळा सल्ला मिळतो तो म्हणजे अजून थोडा सोडा घाल. प्लीज तो सल्ला ऐकू नका. भजी कुरकुरीत होणं न होणं सगळं पाण्यावर असतं, म्हणजे भाजीत पाणी किती, पिठात तुम्ही किती घातलंत, आणि तळताना त्यातलं किती बाहेर पडलं. एवढं डोक्यात ठेवून पुढचं वाचलंत तर प्रत्येक गोष्ट का करायची ते आपोआप कळत जाईल, आणि उद्या हाताशी वेगळीच भाजी असली तरी अडणार नाही.

मी दोन प्रकार सांगतेय. एक खेकडा भजी, म्हणजे उभ्या चिरलेल्या कांद्याची, ज्यात वरून पाणी जवळजवळ घालायचंच नसतं. दुसरी कापांची, म्हणजे बटाटा, घोसाळं, मिरची, पानं असं काहीही पिठात बुडवून तळायचं. पहिल्यांदाच करत असाल तर कांद्यापासून सुरुवात करा, थोडं इकडेतिकडे झालं तरी खेकडा भजी खाण्यालायक होतातच.

सामान

बेसन ताजं हवं. डब्याच्या तळाशी कधीचं पडलेलं बेसन असेल तर चिमूटभर जिभेवर ठेवून बघा, कडवट लागलं तर त्यात काही करू नका, तळल्यावर तो कडवटपणा जात नाही. शक्य असेल तर गिरणीतून हरभरा डाळ जरा जाडसर दळून आणा, एकदम मैद्यासारखं बारीक पीठ कुरकुरीत व्हायला जरा कमीच पडतं. गिरणी जवळ नसेल तर पाकिटातलं चालतं, फक्त चाळून घ्या म्हणजे गुठळ्या होत नाहीत.

बेसनाबरोबर तांदळाचं पीठ हवंच, एका वाटीला दोन टेबलस्पून. नुसत्या बेसनाचं आवरण आधी कडक वाटतं पण लवकर नरम पडतं, तांदळाच्या पिठाने ते ठिसूळ होतं आणि जास्त वेळ टिकतं. काहीजण कॉर्नफ्लोअर घालतात, तेही चालतं, पण तांदळाच्या पिठाची चव भज्यांना जास्त शोभते असं माझं मत आहे. जास्त घालू नका मात्र, भजी दाताला टणक लागायला लागतात.

बाकी हळद, लाल तिखट, हिंग, मीठ, आणि ओवा. ओवा तळहातावर चोळून घालायचा, चोळल्याशिवाय वास सुटत नाही. बेसन पोटाला जड, त्यामुळे ओवा आणि हिंग ही जोडी तिथे नुसत्या चवीसाठी नाही, वगळू नका.

आणि सोडा? खेकडा भज्यांना अजिबात नको. कापांच्या भज्यांना एका वाटी बेसनाला दोन बोटांच्या चिमटीत येईल एवढाच, तोही तळायला घ्यायच्या आधी. सोड्याने पिठात बुडबुडे होतात, आवरण हलकं होतं, पण जास्त झाला की जाळी एवढी मोकळी पडते की भजं तेल ओढतं आणि चव साबणासारखी लागते. कधी भज्यांवर लालसर ठिपके दिसले असतील तर तेही यामुळेच, हळद सोड्याशी आली की लाल होते, आणि सोडा नीट मिसळला नसेल तर जिथे गुठळी राहिली तिथे तो ठिपका उमटतो.

खेकडा भजी

चार मध्यम कांदे घ्या. कुठला कांदा हे महत्त्वाचंय, कारण उन्हाळ कांदा, म्हणजे मार्च-एप्रिलमध्ये निघून चाळीत साठवलेला, त्यात पाणी कमी असतं आणि भजी मस्त होतात, तर हिवाळ्याच्या सुरुवातीला येणारा नवा लाल कांदा जरा जास्तच पाणी सोडतो. पावसाळ्यात बाजारात साठवणीचाच कांदा असतो, त्यामुळे भज्यांचा सीझन आणि भज्यांचा कांदा हे आपल्याकडे छान जुळून आलंय. आषाढ शुद्ध नवमीला कांदेनवमी असते, दोन दिवसांनी आषाढी एकादशी आणि चातुर्मास, मग ज्या घरांत चार महिने कांदा-लसूण बंद तिथे त्या दिवशी कांद्याचं सगळं काही होतं आणि त्यात कांदा भजी पहिली.

कांदा सोलून मधून दोन भाग करा आणि उभा पातळ चिरा, पण कागदासारखा नको, जळून जातो. खूप जाड पण नको, आत कच्चा राहतो. मग हाताने पाकळ्या मोकळ्या करा, एकेक पाकळी सुटी झाली पाहिजे, इथे आळस केला तर पुढे गोळे होतात. त्यावर एक सपाट टीस्पून मीठ घालून हाताने हलकं चोळा आणि दहा-पंधरा मिनिटं झाकून ठेवा.

परत उघडाल तेव्हा कांदा लवचिक झालेला असेल, चकाकत असेल, आणि भांडं वाकडं केलं तर तळाशी पाणी जमलेलं दिसेल. हेच आपलं पाणी, फेकू नका, याच्यातच बेसन भिजवायचं आहे. आता अर्धा टीस्पून हळद, एक टीस्पून तिखट, अर्धा टीस्पून ओवा चोळून, हिंग, एक-दोन हिरव्या मिरच्या बारीक चिरून आणि मूठभर कोथिंबीर घाला. कोथिंबीर धुतलेली असेल तर आधी फडक्यात दाबून कोरडी करा, ओल्या कोथिंबिरीतून पण बरंच पाणी येतं.

मग बेसन, आणि इथेच सगळे घाई करतात. चार कांद्यांना साधारण एक वाटी लागतं पण एकदम ओतायचं नाही. मूठ मूठ भुरभुरवा, हाताने खालून वर करत मिसळा, थोडं थांबा, परत भुरभुरवा. दोन टेबलस्पून तांदळाचं पीठ पण असंच. कांद्याच्या प्रत्येक पाकळीला पिठाचा पातळ लेप दिसला, आणि चिमटीत थोडं मिश्रण उचलल्यावर ते एकमेकाला जेमतेम धरून राहिलं, लोंबतंय पण तुटत नाही, की थांबा. वाटीत बेसन उरलं असेल तर उरू दे. जास्त बेसन घातलं की मग ते कोरडं वाटतं, मग तुम्ही पाणी घालता, मग ते चिकट होतं, आणि भजी गोल, भरीव, पाव खाल्ल्यासारखी होतात. खेकड्याला पाय हवेत, म्हणजे कांद्याची टोकं बाहेर आलेली हवीत, ती टोकं आधी कडक होतात आणि खाताना कुरकुर तिथूनच येते.

खूपच कोरडं वाटलं तर हात पाण्यात बुडवून दोनदा शिंपडा, बस. आणि मिश्रण करून ठेवू नका, मीठ आपलं काम करतच राहतं, अर्ध्या तासाने बघाल तर सगळं सैल झालेलं असेल. तेल तापायला ठेवा आणि मग बेसन मिसळायला घ्या, असा क्रम ठेवलात की झालं.

तेल आणि गॅस

शेंगदाण्याचं तेल वापरा असं मी सांगेन, चवीला ते भज्यांशी चांगलं जातं आणि चांगलं तापवलं तरी लगेच धूर सोडत नाही. रिफाइंड सूर्यफूल, सोयाबीनचं पण चालतं. कढई बिडाची किंवा जाड बुडाची असेल तर उत्तम, पातळ कढईत भजी सोडली की तेल पटकन गार होतं. तेल कढईच्या निम्म्यापेक्षा वर जाऊ देऊ नका, आणि दोन इंचांपेक्षा कमी पण नको, नाहीतर भजी तळाला टेकतात आणि तिथे काळे डाग पडतात.

थर्मामीटर असेल तर १७० ते १८० डिग्री सेल्सिअस. नसेल तर पिठाचा एक थेंब सोडा. तो तळाशी जाऊन बसला तर तेल कच्चं आहे. पडल्या पडल्या वर येऊन लगेच लाल झाला तर जास्त तापलंय, गॅस बारीक करून मिनिटभर थांबा. तळाकडे जाऊन दोन-तीन सेकंदांत बुडबुडत वर आला आणि रंग हळूहळू धरला, की सुरुवात करा.

आता खरी बघण्यासारखी गोष्ट. भजं तेलात पडलं की भोवती जोरात फेसाळतं, मोठमोठे बुडबुडे येतात, चर्रर्र आवाज होतो. ते बुडबुडे म्हणजे आतलं पाणी वाफ होऊन बाहेर पडतंय, आणि ती वाफ बाहेर ढकलत असते तोवर तेलाला आत शिरायला वाव मिळत नाही. तेल कोमट असलं की वाफेला जोर राहत नाही, भजं तेलात नुसतं भिजत पडतं, तेलकट भज्यांमागे बहुतेक वेळा हेच असतं. आणि तेल फार कडकडीत असलं की बाहेरून दोन मिनिटांत तांबूस होतं पण आतलं पाणी तसंच राहतं, मग ताटलीत काढल्यावर तेच पाणी बाहेर येऊन सालाला मऊ करतं. म्हणून मध्यम आच, आणि धीर.

एका वेळी पाच-सहाच भजी सोडा, कढई भरून नाही. सोडताना तेलाच्या अगदी जवळून सोडा, लांबून टाकली की तेल उडतं. सोडल्यावर अर्धा-पाऊण मिनिट झारा लावू नका, वरचा थर जरा धरू दे, मग उलटा. खेकडा भज्यांना एका घाण्याला साधारण चार-पाच मिनिटं लागतात. घड्याळापेक्षा कान लावा. बुडबुडे बारीक आणि विरळ होत जातात, चरचर मंदावते, आणि झाऱ्यावर घेऊन हलवलं तर भजी खडखड वाजतात, ओली असतात तेव्हा तो आवाज येत नाही. वाजली की काढा. पुढचा घाणा सोडायच्या आधी तेल परत तापू द्या, आणि झाऱ्याने तेलातला चुरा काढून टाका, तो जळाला की पुढच्या सगळ्या भज्यांना कडवट वास लागतो. बरेचजण नेमका हा चुरा काढायचा विसरतात.

पाहुणे येणार असतील तर आधी सगळी भजी फिक्या रंगावर तळून काढा, आणि वाढायच्या वेळी तेल जरा जास्त तापवून अर्धा-एक मिनिट परत तळा. पहिल्या तळण्यात शिजतात, दुसऱ्यात राहिलेलं पाणी जातं, आणि अशी भजी सगळ्यात जास्त वेळ कुरकुरीत राहतात.

एक सेफ्टीची गोष्ट, नवीन असाल तर नीट लक्षात ठेवा. तेलाने पेट घेतला तर पाणी अजिबात टाकायचं नाही, भडका उडतो. गॅस बंद करायचा आणि कढईवर मोठं झाकण किंवा ताट सरकवायचं. मोठं झाकण तळायला घेतानाच ओट्यावर काढून ठेवा. लहान मुलांना तेवढा वेळ स्वयंपाकघराच्या बाहेर.

कापांची भजी

चातुर्मासात कांदा बंद असलेल्या घरात हीच होतात, आणि खरं तर पावसाळ्यात भाज्या पण तशाच येतात, घोसाळी, मायाळूची पानं, ओव्याची पानं. ओव्याची पानं बाजारात सहज मिळत नाहीत, पण कुंडीत फांदी खोचली तरी लागते, जाड, लव असलेली पानं असतात आणि त्यांची भजी एकदा खाल्लीत तर कुंडी लावालच. दारात भोपळ्याचा वेल असेल तर त्याच्या फुलांची पण करून बघा.

पीठ असं करा, एक वाटी बेसन, दोन टेबलस्पून तांदळाचं पीठ, अर्धा टीस्पून तिखट, पाव टीस्पून हळद, ओवा, हिंग, पाऊण टीस्पून मीठ. पाणी साधारण पाऊण वाटी लागेल, पण आधी निम्मंच घालून घट्टसर फेटा, गुठळ्या मोडा, मग थोडं थोडं घालत सैल करा. बोट बुडवून वर काढलं की बोटाला सारखा थर राहिला पाहिजे, कातडी दिसायला नको आणि गोळा होऊन टपकायला पण नको. पीठ पातळ झालं तर भाजीवरून ओघळतं आणि तेलात शेपट्या निघतात, घट्ट झालं तर आत कच्च्या पिठाचा थर राहतो. मग दीड टेबलस्पून तेल कडकडीत तापवून त्यावर ओता, चुर्र असा आवाज आला पाहिजे, आणि लगेच फेटा. हे मोहन, आणि माझ्या मते सोड्यापेक्षा याचा उपयोग कितीतरी जास्त होतो.

भाजी कोरडी पाहिजे, एकदम कोरडी. बटाट्याचे काप जुन्या दोन रुपयाच्या नाण्याएवढे जाड, म्हणजे दोनेक मिलिमीटर, करून पाण्यात टाका म्हणजे वरचा स्टार्च निघतो आणि काप काळे पडत नाहीत, पण नंतर फडक्यावर पसरून दोन्हीकडून पुसा. ओल्या कापाला पीठ धरत नाही, घसरतं, आणि तेल उडतं ते वेगळंच. घोसाळ्याचं साल हलकं खरवडून चकत्या करा, याला मात्र आधी मीठ लावून ठेवू नका, पाणी पाणी होतं, चिरलं की लगेच पिठात. घोसाळ्याचं भजं आत लोण्यासारखं मऊ आणि बाहेर कुरकुरीत असं होतं, माझ्यासाठी सगळ्या भज्यांत हे एक नंबर.

पानं असतील तर धुऊन, पुसून, दोन्ही बाजूंनी पिठात बुडवा आणि वाटीच्या काठावर जादाचं पीठ निथळून सोडा. पानं फार लवकर तळली जातात, दीड-दोन मिनिटांत.

मिरचीसाठी ती जाड, पोपटी, कमी तिखट मिरची आणा, भाजीवाल्याला भज्याची मिरची म्हणून सांगितलं की तो बरोबर देतो. तिला उभी चीर द्यायलाच हवी, अख्खी टाकली तर आतली वाफ कोंडते आणि फुटते, तेल अंगावर येऊ शकतं. बिया काढून आत मीठ, आमचूर आणि ओव्याची पूड चोळली की चव कुठल्या कुठे जाते.

फ्लॉवर किंवा वांगं घेणार असाल तर तुकडे लहान ठेवा, तेवढंच सांगते. पालक चिरून घेणार असाल तर तो कांद्याच्या पद्धतीने, मीठ लावून, त्याच पाण्यात.

काढल्यावर

इथे बरीच चांगली झालेली भजी वाया जातात. भजं जे तेल ओढतं ते बरंचसं कढईतून बाहेर काढल्यावर ओढतं, गार होताना आतली वाफ आटते आणि सालावर राहिलेलं तेल आत खेचलं जातं. म्हणून झाऱ्यात घेतल्या घेतल्या कढईवरच दोन-तीन झटके द्या, काही सेकंद निथळू द्या, गरम असतानाच तेल सुटतं. मग चाळणीत किंवा जाळीवर काढा, एकावर एक ढीग करू नका. टिश्यू पेपरवर ठेवलीत तर मिनिटभरापुरती, नंतर खालची बाजू स्वतःच्याच वाफेने ओली होते. आणि झाकण, कॅसरोल, स्टीलचा डबा, यातलं काही नको. सिंहगडावर चढून गेल्यावर मिळणारी कांदा भजी एवढी भारी लागतात त्यात भुकेचा वाटा आहेच, पण ती कढईतून थेट पुढ्यात येतात हा त्यातला मोठा भाग. घरी पण तसंच करा, आधी सगळ्यांना बसवा, मग तळा.

शेवटच्या घाण्यानंतर गरम तेलात चार हिरव्या मिरच्या चीर देऊन तळा, वर मीठ भुरभुरवा. लसणाची सुकी चटणी, पाव, चहा, बाकी काय लागतं.

परदेशात किंवा हॉस्टेलवर असाल तर

सुपरमार्केटमधलं चिकपी फ्लॉवर बऱ्याचदा काबुली चण्याचं असतं, ते पाणी वेगळं पितं, त्यामुळे शक्यतो इंडियन स्टोअरमधून बेसनच आणा. तिकडचे मोठे पिवळे कांदे गोड आणि पाणीदार असतात, मीठ लावल्यावर सुटलेलं पाणी खूप वाटलं तर थोडं पिळून बाजूला काढून ठेवा, लागलं तर परत घालता येतं. कॉइलची शेगडी बारीक केली तरी लगेच गार होत नाही, म्हणून तेल तापत आलं की जरा आधीच कमी करा. एअर फ्रायरमध्ये पातळ पिठाची कापांची भजी होत नाहीत, पीठ जाळीतून खाली गळतं. खेकडा भजी होतात, वरून तेल चोळून, पातळ पसरून, पण चव वेगळी येते, तळलेल्याची अपेक्षा ठेवून करू नका.

उरलेलं तेल आणि उरलेली भजी

तेल पूर्ण गार झाल्यावर फडक्यातून गाळा, बरणीत भरून ठेवा आणि फोडणीला, भाजीला आठवडाभरात संपवा. परत परत तळायला वापरू नका. एफएसएसएआयने, म्हणजे देशाच्या अन्न सुरक्षा प्राधिकरणाने, तळणाच्या तेलातल्या टोटल पोलर कंपाउंड्सना, म्हणजे तेल बिघडताना तयार होणाऱ्या घटकांना, २५ टक्क्यांची मर्यादा २०१८ पासून घातलीय ती याचसाठी, तेल वारंवार तापलं की ते वाढत जातात. घरी ते मोजता येत नाही, पण तेल काळपट, दाट, फेसाळ झालं किंवा वास बदलला की कळतंच. असं तेल सिंकमध्ये ओतू नका, पाइप तुंबतो, जुन्या बाटलीत भरून कचऱ्यात टाका.

भजी उरली तर मायक्रोवेव्हमध्ये घालू नका, चिवट होतात. कोरड्या तव्यावर मंद आचेवर पसरून उलटीपालटी करा, पाच मिनिटांत बऱ्यापैकी परत कडक होतात. किंवा ताकाची कढी करा, आलं, मिरची, कढीपत्ता घालून, उकळी येऊ न देता गरम करा, आणि जेवायला बसायच्या दहा मिनिटं आधी भजी त्यात सोडा, गरम भाताबरोबर छान लागतात.